निंबाआबांच्या नातवाची मूठ

श्रावणातल्या कानबाईच्या रोटांचा गहू मोजायचा म्हणजे भिकुबाईच्या घरात सगळ्यांची तोंडं बंद. टीव्ही बंद, मिक्सर बंद, आणि लोटनआबांचं खोकणंसुद्धा शक्यतो बंद. शनिवारी सकाळी धुळ्याच्या देवपुरातल्या त्या स्लॅबच्या घरात, पुढच्या खोलीत सतरंजी पडली होती. धुतलेल्या पाटावर नवं सूप होतं, सुपाशेजारी गव्हाची पाटी, आणि पाटीसमोर ओल्या केसांची भिकुबाई. घरातल्या एकेका पुरुषाचं नाव घ्यायचं आणि त्याच्या नावाने सव्वा मूठ गहू सुपात टाकायचा. आधी भरली मूठ, मग वरची पाव. त्या गव्हाचं पीठ, त्या पिठाचे रोट, आणि ते खायचे फक्त घरच्यांनी. परक्याच्या तोंडी घास गेला तर कानबाई रुसते, हे भिकुबाईने सासूकडून ऐकलं होतं आणि आता ती सगळ्यांना ऐकवत होती, विचारलं तरी आणि नाही विचारलं तरी.

"लोटन," ती म्हणाली. नशिराबादहून पहिल्या एसटीने आलेले तिचे धाकटे दीर भिंतीला टेकून बसले होते, त्यांनी मान झुकवली. सव्वा मूठ पडली.

"अभिमन." हा लोटनआबांचा मुलगा. "नीलेश." हा तिचा स्वतःचा.

"निंबा."

या नावाशी दरवर्षी तिचा हात अडखळायचा. निंबा तिचा मधला दीर. मिसरूड फुटायच्या वयात सुरतेच्या गिरणीत म्हणून गेला, तो परत आलाच नाही. त्याचा देह कोणी पाहिला नाही, मग मूठ बंद कशी करायची, असं सासूने म्हटलं आणि ती मूठ चालू राहिली. सासू गेली, भिकुबाईचा नवरा गेला, शेतातलं घर सुटून धुळ्याला बिऱ्हाड आलं, तरी निंबाची मूठ सुपात पडतच होती. त्याच्या वाटचा रोट लोटनआबा खात. खाताना कोणाशी बोलत नसत.

यंदा मात्र तिचा हात अडखळला नाही. निंबाची सव्वा मूठ तिने भराभर टाकली आणि एकदम उजळलेल्या चेहऱ्याने पुढचं नाव घेतलं.

"प्रेमराज."

भरली मूठ सुपात पडली. वरच्या पाव मुठीसाठी हात पाटीत गेला, गहू घेऊन वर आला, आणि तेवढ्यात लोटनआबांनी नेम मोडला.

"प्रेमराज कोन, वहिनी?"

भिकुबाई हसली. किती दिवस पोटात ठेवलं होतं तिने! "मी विसर्जनना दिवशीच सांगनार व्हतू. पन तुमले दम कुठे शे? निंबाभाऊना नातू शे तो. सुरतले ऱ्हास. परवा येनार शे, आपली कानबाई दखाले."

लोटनआबा उठायला गेले आणि उठता उठता पुन्हा खाली बसले.

"आई," नीलेश दारातून म्हणाला, "प्रेमराज म्हणजे साक्षीच्या गेममधला तो पोरगा?"

आता गंमत बघा. प्रेमराज हे नाव या घरात सगळ्यांना ठाऊक होतं. नीलेशला वाटत होतं, तो साक्षीच्या वर्गातला. त्याची बायको दिपमाला समजून होती की तो अभिमनच्या सासरकडचा कोणीतरी, कारण तो बोलायचा अस्सल अहिराणी. टॅबमधून रोज संध्याकाळी त्याचा आवाज यायचा, "आजी, जेवनात का?" म्हणून विचारायचा, आणि प्रत्येकजण दुसऱ्याने चौकशी केली असेल असं धरून आपल्या कामाला लागायचा. दिपमाला तर शिक्षिका. पालकसभेत मोबाइलचे तोटे सांगायचं काम शाळेत दरवर्षी तिच्याकडेच असतं. आत्ता ती स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर उभी होती आणि तिच्या हातातली चाळणी तिला जड झाली होती.

"साक्षी," तिने हाक मारली, "टॅब घेऊन ये."

*

साक्षी अकरा वर्षांची. टॅब छातीशी धरून ती आली आणि आजीच्या मांडीला मांडी लावून बसली. खरं तर आजी ओल्या अंगाने सोवळ्यात होती, पण आजीने तिला दूर केलं नाही. भिकुबाईच्या उजव्या मुठीत अजून तो पाव मूठ गहू होता. खाली ठेवावा तर पाटीत मिसळणार, सुपात टाकावा तर नाव ठरलेलं नाही. म्हणून ती मूठ मिटून बसली.

"आबाले दखाड आपलं गाव," ती नातीला म्हणाली.

लोटनआबांनी चष्मा लावला. पडद्यावर आधी नुसते रंगीत चौकोन दिसले, विटा रचाव्यात तसे. मग साक्षीने बोट फिरवलं आणि ते चौकोन हळूहळू ओळखीचे झाले. तो नाला. नाल्यापलीकडची कपाशी. पायवाट वळते तिथलं कडुनिंबाचं झाड, आणि त्याच्या डाव्या अंगाला विहीर, मोटेच्या थारोळ्यासकट. विहिरीच्या काठावर धोंडा होता, त्यावर बसून लोटन आणि निंबा पोरपणी पाय सोडून बसत. तो धोंडासुद्धा तिथे होता!

"हाई… हाई कसं करं तू?" आबा पडद्यावर वाकले. ते शेत विकून, विहीर बुजून किती पावसाळे उलटले होते. साक्षी तर जन्मलीही नव्हती.

"आजी सांगायची, आम्ही बांधायचो," साक्षी म्हणाली. "मी आणि प्रेमराजदादा. हे बघा, आतमध्ये."

ती घरात शिरली. मातीचा ओटा, दोन खोल्या, आणि आतल्या खोलीत चौरंगावर कानबाई. तपकिरी चौकोनाचा नारळ, त्याला सोनेरी ठिपक्याची नथ, मागे हिरवे केळीचे खांब.

भिकुबाईने हे उन्हाळ्यात पहिल्यांदा पाहिलं तेव्हा तिने पडद्याला हात जोडले होते. खोटं कशाला बोला, त्या दिवसापासून नातीपेक्षा आजीच त्या गावात जास्त रमली होती. गोठा इकडे सरकव, चूल तिकडे घे, उखळ विसरलीस माय. ज्या घरात ती नवरी म्हणून आली, ते घर पुन्हा उभं राहत होतं आणि बांधणारा दुसरा हात होता एका गोड आवाजाच्या पोराचा. तो विचारायचा, "आजी, झाडखाली कोन बसे?" आणि ती सांगायची. कोण बसे, कोण कोणाशी भांडे, कोण कुठे गेला. मेथी निवडता निवडता तिने त्याला अख्खं घराणं सांगितलं होतं.

मग एका संध्याकाळी तो पोरगा गप्प झाला आणि म्हणाला, आजी, माझ्या आजाचं नावही निंबाच होतं.

त्या रात्री भिकुबाईला जेवण गेलं नव्हतं. देव कुठल्या वाटेने येईल सांगता येत नाही, असं तिला वाटलं होतं. माणूस हरवतो सुरतेत आणि सापडतो पोरीच्या खेळण्यात. तिने कोणाला सांगितलं नाही. तो सोमवारी दारात उभा राहिल्यावर लोटनचं तोंड कसं होईल, ते तिला पाहायचं होतं.

"दखा, उना," ती आता म्हणाली.

पडद्यावर नाल्याकडून एक हिरव्या टोपीचं बाहुलं चालत येत होतं. विहिरीपाशी येऊन ते थांबलं.

"आजी! गहू मोजी लिधा का?"

सगळं घर पुढे झुकलं. आवाज तरुण होता, मऊ, जरा गुजराती वळणाचा. भिकुबाईने लोटनआबांना कोपराने ढोसलं.

"मी लोटन बोलस," आबा म्हणाले.

"लोटनआबा?" पलीकडे श्वास ऐकू आला. "पाय पडस, आबा. घरमा बठ्ठा तुमनंच नाव लेतस."

"तू… निंबाभाऊना?"

"नातू शे मी. आजाना डावा कान फाटेल व्हता ना, आबा? लहानपनी बैलनी शिंग मारं. त्यांनी लाल सायकल व्हती. ती लिसन ते गयात."

खरं होतं. कान खरा, बैल खरा, लाल सायकल खरी. लोटनआबांनी चष्मा काढला आणि धोतराच्या सोग्याने डोळे पुसले. "भाऊ कसा गया रे?" त्यांनी विचारलं.

"शांत गयात. शेवटपावत तुमनीच याद काढेत."

नीलेश आईकडे बघून हसला. त्याचे डोळेही भरले होते. खोलीत तेव्हा कोणी चकार शब्द काढला असता तर सगळ्यांनी मिळून त्याला गप्प केलं असतं.

दिपमालाला मात्र एक गोष्ट खटकली. 'डावा कान फाटेल, बैलनी शिंग मारं, लाल सायकल.' सासूबाई ही गोष्ट सांगत तेव्हा याच क्रमाने सांगत, याच शब्दांत. बोदवडहून लग्न होऊन आल्यापासून तिने ती दरवर्षी याच दिवशी ऐकली होती.

तिने साक्षीचा दंड धरला आणि तिला स्वयंपाकघरात नेलं.

*

"आई, दुखतंय."

"बस इथे. मी रागावणार नाही." दिपमाला तिच्यासमोर गुडघ्यांवर बसली. "एकच सांग. निंबाआबांचं आधी कोण बोललं? तो, की तू?"

साक्षीला प्रश्नाचा रोख कळला नाही. "मीच. त्याने विचारलं, तुमच्या घरातून कोणी निघून गेलंय का? म्हणाला, सगळ्यांच्या घरातून कोणीतरी जातंच. मग मी निंबाआबांच्या मुठीचं सांगितलं."

"आणि मग?"

"मग थोड्या दिवसांनी तो म्हणाला, ते माझे आजोबा. मला वाटलं, त्यालापण तेव्हाच कळलं असेल."

"आणि त्याचं नाव? सुरुवातीपासून प्रेमराजच होतं?"

"नाही गं. आधी इंग्रजी होतं, ड्रॅगन का काहीतरी. त्याने विचारलं, तुमच्याकडे कशी नावं असतात? मी म्हटलं, लोटन, अभिमन, छगन, प्रेमराज. तो म्हणाला, प्रेमराज मस्त आहे, मी ते घेतो." साक्षीने आईच्या चेहऱ्याकडे पाहिलं. "गेममध्ये नाव बदलता येतं, आई."

दिपमालाला भीती तर वाटलीच, पण भीतीच्या आधी आलं ते निव्वळ आश्चर्य. केवढी ही करामत! हाताशी ना फोटो, ना पत्ता, ना ओळख. पोरीने नाव दिलं, सासूने कान दिला, सायकल दिली, आजा दिला. ज्या विटांनी त्यांनी गाव बांधलं, त्याच विटांनी हा माणूस बांधला होता, या घरातल्यांनी स्वतःच्या हाताने. आणि आता तो बाहेरच्या खोलीत बसून त्यांनाच रडवत होता.

ती बाहेर आली, लोटनआबांच्या कानाशी वाकली आणि कुजबुजली, "आबा, असं काही विचारा, जे आईंनाही माहीत नाही. फक्त तुम्हालाच."

आबांनी तिच्याकडे रागाने पाहिलं. भिकुबाईने तर जास्तच. "काय व्हयनं तुले? रोटना दिवशी घरना पोऱ्यावर शंका?"

"आई, तो घरचा असेल तर सांगेल की."

"दिपा, पुरे," नीलेश म्हणाला.

क्षणभर ती एकटी पडली. कोण कोणाच्या बाजूचं ते या घरात एरवीही दिवसाला बदलतं, पण आज सगळे एकीकडे होते आणि ती दुसरीकडे. लोटनआबा पडद्यातल्या विहिरीकडे बघत राहिले. त्यांचं मन मोडायला तयार नव्हतं. पण सून विचारते आहे, आणि घरचा असेल तर सांगेल, यात त्यांना खोट काढता येईना.

"बेटा," ते सावकाश म्हणाले, "भाऊ मनी याद काढे, म्हनतोस. माले काय म्हनीसन हाक मारे?"

"लोटन म्हनीसन, आबा. 'मना लोटन कसा व्हई,' म्हनेत."

आबांनी चष्मा घडी करून खिशात ठेवला. निंबाने त्यांना जन्मात कधी लोटन म्हटलं नव्हतं. दोघंच असले की तो त्यांना 'टोळ' म्हणे, कारण लोटन लहानपणी विहिरीच्या काठाने उड्या मारत पळे. चारचौघांत तो काहीच म्हणत नसे, नुसती शीळ घाली. हे भिकुबाईला माहीत नव्हतं. आईलाही माहीत नव्हतं. टोळ ही हाक निंबाबरोबर सुरतेला गेली होती आणि आज तीही परत आली नाही.

"तू मना भाऊना कोनीच नही," लोटनआबा पडद्याला म्हणाले. "कोन शेस तू?"

हिरव्या टोपीचं बाहुलं विहिरीपाशी तसंच उभं राहिलं. मग ते नाहीसं झालं. चालत गेलं नाही, वळलं नाही, होतं तिथे नव्हतं. साक्षीने भराभर बोटं चालवली. "त्याचं नावच नाहीये," ती म्हणाली. "यादीतच नाहीये. आधीचं बोलणंपण त्याने पुसायला घेतलंय…"

नीलेशने टॅब ओढून घेतला. तो फरशीवर आपटायला त्याने हात वर केला होता, पण दिपमालाने मनगट पकडलं. "फोडू नका. काही पुसू नका. जे उरलंय ते असंच घेऊन आत्ता सायबर पोलिसांकडे जायचं."

"कशाला? गेला ना तो."

"कुठे गेला? आपण कुठे राहतो, तुम्ही किती वाजता ड्युटीवर जाता, घरात कोण कधी एकटं असतं, सगळं घेऊन गेला."

कडुनिंबाच्या झाडाखाली पडद्यात ऊन पडलं होतं. तिथे कधीच काही हलत नसतं, पण सगळेजण त्या झाडामागे कोणी आहे का ते बघत राहिले. भल्यामोठ्या कुलपाचं लोखंडी दार, खिडक्यांना गज, दारात कुत्रा, एवढा सगळा बंदोबस्त होता या घराला. आणि तो उन्हाळ्यापासून रोज आत येत होता, देवघरापर्यंत.

तेवढ्यात साक्षीने विचारलं, "मग परवा पुलाखाली कोण येणार?"

दिपमाला हळूच वळली. "कोणत्या पुलाखाली?"

"पांझरेच्या. विसर्जनाच्या वेळी. त्याला घर माहीत नाही ना, म्हणून मी एकटीनेच घ्यायला जायचं होतं. मिरवणुकीत कोणाचं लक्ष नसतं तेव्हा. आजीला सरप्राइज म्हणून सांगायचं नव्हतं." तिचा स्वर बारीक होत गेला. "तो म्हणाला, गाडी घेऊन येतो."

भिकुबाईला सोमवार दिसला. डोक्यावर कानबाई, पुढे बँडवाले, फुगड्या घालणाऱ्या बाया, गुलाल. ती स्वतः कानबाईला घेऊन नदीकडे तोंड करून चालली आहे, सगळं घर तिच्यामागे, आणि त्या गर्दीतून एक छोटी पोर हळूच बाजूला निघते आहे. त्या पोरीला माघारी बोलवायला कोणी नाही, कारण ती निघाल्याचं कोणाला माहीतच नाही. कानबाईने केवढं वाचवलं, या एका विचाराने भिकुबाईने मिटलेली मूठ आणखी आवळली.

"मी त्याले बोलावं," ती शेवटी म्हणाली. "पोरनी नही. मी. बठ्ठं मी सांगं."

"आई…"

"तू गप बस, नीलेश. माले बोलू दे." पण पुढे तिला बोलता आलं नाही.

दिपमालाने मुलीला जवळ घेतलं. "तू का तयार झालीस गं? अनोळखी माणसाबरोबर?"

"तो अनोळखी नव्हता," साक्षी म्हणाली आणि आता तिला रडू फुटलं. "मी त्याला मुठींचं सांगितलं तेव्हा त्याने विचारलं, तुझी मूठ कोण घेतं? मी म्हटलं, पोरींची नसते. तो म्हणाला, माझ्या घरात तुझी पहिली घेतली असती. मला असं आधी कोणी विचारलंच नव्हतं."

लोटनआबांनी खाली पाहिलं. नीलेशने टॅब खाली ठेवला. दिपमाला लेकीच्या केसांवरून हात फिरवत राहिली आणि तिच्या लक्षात आलं, की आपली मूठ कोण घेतं हा प्रश्न तिने स्वतःही कधी विचारला नव्हता, ना बोदवडला, ना इथे.

लोटनआबा सुपाकडे बघत म्हणाले, "वहिनी, सुपातनी ती मूठ काढी टाक. परक्यानी शे."

"टाकेल मूठ काढत नहीत, भाऊ."

"मंग काय करानं? परक्याना नावना रोट कोन खाई?"

भिकुबाईने उजवा हात वर धरला. मूठ अजून मिटलेलीच होती. इतका वेळ दाबून बोटं पांढरी पडली होती आणि गहू घामाने ओला झाला होता. "मूठ पुरी कुठे व्हयनी?" ती म्हणाली. "वरनी पाव आठे शे, मना हातमा. जोपावत सव्वा नही, तोपावत ती कोनीच नही."

"आपल्यामा पोरीसनी घेतस नहीत, वहिनी," लोटनआबा हळू म्हणाले. ते वाद घालत नव्हते, फक्त आठवण करून देत होते.

"हो. नही घेत." तिने त्यांच्याकडे पाहिलं. "ज्याले दखं नही त्यानी घेतस, आनि मांडीले मांडी लाईसन बसेल शे तिनी नही. म्हनूनच तो घरमा उना, भाऊ. तेवढीच जागा रिकामी व्हती."

लोटनआबांनी डोक्यावरची टोपी सरळ केली आणि नाव घेताना बसतात तसे ताठ बसले.

भिकुबाईने नातीला आईच्या कुशीतून ओढून पाटापाशी बसवलं, पदराने तिचं तोंड पुसलं आणि मिटलेला हात सुपावर धरला. खोलीतले सगळे पुन्हा गप्प झाले, गहू मोजताना व्हावं तसे.

"साक्षी," ती म्हणाली, आणि मूठ उघडली.

ओले दाणे तळव्याला चिकटले होते. ते खाली पडेनात, तेव्हा साक्षीनेच हात पुढे केला आणि आजीच्या तळव्यावरचा एकेक दाणा सुपात सोडला.